आपण जिंकलो की हरलो?

माझा नातू सातवीत शिकतो. गेल्या हिवाळ्यात शाळेची सहल वसईच्या किल्ल्यात गेली होती. घरी परतल्यावर बूट काढता काढता त्याने मला विचारले, "आजोबा, १७३९ साली आपण जिंकलो की हरलो?" प्रश्नामागची हकीकत त्याने नंतर सांगितली. किल्ल्यात शिक्षकांनी चिमाजी अप्पांच्या पराक्रमाचे वर्णन केले. सर्व मुलांनी जयघोष केला, त्यानेही केला. मग मंडळी एका पडक्या चर्चच्या दारात आली, तेव्हा वर्गातला त्याचा एक जिवलग मित्र त्याला म्हणाला, "हे तुमचं ना रे?" या बोलण्यात कुचेष्टा नव्हती. पण पाच मिनिटांपूर्वी विजेत्यांत उभा असलेला मुलगा त्या एका शब्दाने पराभूतांच्या रांगेत जाऊन उभा राहिला.

मी त्याला त्या दिवशी उत्तर दिले नाही. उत्तर येत नव्हते असे नव्हे. प्रश्न ज्या शब्दांत विचारला गेला ते शब्दच मला खटकत होते, आणि ते त्याचे नव्हते. ते त्याला पुस्तकांनी दिले होते. त्यानंतरचे काही महिने वसईच्या पाडावासंबंधी मला ठाऊक असलेले जुनेनवे लेखन मी पुन्हा चाळले. त्या वाचनात जे जाणवले ते येथे मांडतो. प्रस्तुत लेखक इतिहाससंशोधक नाही, केवळ वाचक आहे. परंतु इतिहास शेवटी वाचकाच्याच घरात येऊन राहतो.

घटना सर्वांना ठाऊक आहे. २३ डिसेंबर १५३४ रोजी गुजरातचा सुलतान बहादूरशाह याने तह करून वसई व तिच्याखालचा मुलूख पोर्तुगीजांना दिला. पुढे दोनशे चार वर्षे हा प्रदेश त्यांच्या 'उत्तर प्रांता'चे मुख्य ठाणे होता. १७३७ साली मराठ्यांनी साष्टीवर मोहीम काढली आणि दीर्घ वेढ्यानंतर, सुरुंगांनी बुरूज उडविल्यावर, १६ मे १७३९ रोजी वसई शरण आली. शिबंदीला सन्मानाने निघून जाण्याची मुभा मिळाली आणि मागे राहणाऱ्या ख्रिस्ती रहिवाशांच्या धर्माचरणाचीही तरतूद तहात झाली. 'मागे राहणारे' हे दोन शब्द वाचकांनी ध्यानात ठेवावेत, कारण बहुतेक ग्रंथ त्यांच्यावरून घाईने पुढे जातात.

प्रथम मराठी बाजू घेऊ. साष्टीची बखर आणि अंजूरकर नाईक घराण्याची परंपरा यांतून मोहिमेची जी कथा आली, ती आजही पाठ्यपुस्तकांचा आणि व्याख्यानांचा कणा आहे. गंगाजी नाईक अंजूरकर, मालाडचे अंतोजी रघुनाथ कावळे अशा स्थानिक पुढाऱ्यांनी पेशव्यांकडे गाऱ्हाणे नेले, धर्माचा छळ सांगितला, आणि पुण्याहून फौज निघाली. बखरीत अतिशयोक्ती असते म्हणून ती टाकून द्यावी, असा एक उतावळा विचार आपल्याकडच्या काही वाचकांत आहे. तो मला मान्य नाही. बखर ही बहुधा कोणीतरी आपली सेवा, आपले वतन, आपला मान धन्यापुढे सिद्ध करण्यासाठी लिहिते किंवा लिहवून घेते. म्हणून तिच्यात नाईकांचा वाटा मोठा दिसतो. पण ज्या गाऱ्हाण्यावर ती उभी आहे ते गाऱ्हाणे बनावट नव्हते. गोव्यातील इन्क्विझिशन १५६० साली सुरू झाले आणि मधला अल्प काळ वगळता १८१२ पर्यंत चालले. उत्तर प्रांतही त्याच्या कक्षेत होता. मंडपेश्वरच्या शैव लेण्यांत फ्रान्सिस्कन धर्मगुरूंनी चर्च केले, हे तर बोरिवलीला जाऊन कोणीही पाहू शकतो. हे सारे ख्रिस्ती वाचकाने डोळे न मिटता वाचले पाहिजे.

त्याच कथेतला एक प्रसंग मात्र वेगळ्या जातीचा आहे. किल्ला पडत नाही हे पाहून चिमाजी अप्पांनी, निदान माझे मस्तक तरी तोफेने किल्ल्यात टाका, असे सरदारांना बजावले, अशी आख्यायिका आहे. ती खरी की खोटी या वादात मला रस नाही. ती सांगणाऱ्याला वेढ्याचा शीण, हानी आणि हट्ट एका वाक्यात पकडायचा होता, आणि तो त्याने पकडला. इतिहासात असे वाक्य आले की ते सहसा निघत नाही. कागदपत्रे त्याच्याभोवती बसविली जातात. गोविंद सखाराम सरदेसाई यांनी १९३० नंतरच्या काही वर्षांत पेशवे दफ्तरातील निवडक कागद पंचेचाळीस खंडांत छापले. त्यांतील वसईच्या मोहिमेची पत्रे ज्याने चाळली असतील त्याला अगदी निराळी मोहीम दिसते. दारूगोळा पुरत नाही, सुरुंग लागत नाहीत, पैसा येत नाही, पावसाळा जवळ आला आहे. या पत्रांत माणसे दमतात. बखरीतली माणसे दमत नाहीत. मला ती पत्रे अधिक थोर वाटतात, आणि चिमाजी अप्पाही त्यांत अधिक मोठे दिसतात.

आता पराभूतांचे लेखन. कोंदे द सांदोमिल हे त्या वेळी गोव्यात व्हाइसरॉय होते. त्यांच्या काळातील पोर्तुगीज कागदांचा सूर बचावाचा आहे. साम्राज्याचा एवढा मोठा तुकडा गेल्यावर कोणीतरी लिस्बनला जाब देणे भाग होते. तिजोरी रिकामी होती, कुमक आली नाही, शत्रूची संख्या अफाट होती, ही कारणे खरीही असतील; परंतु जबाब देणाऱ्याच्या लेखणीतून शत्रूची संख्या नेहमी वाढते, हेही खरे. मृतांच्या आकड्यांचे तेच. १८२६ साली प्रसिद्ध झालेल्या मराठ्यांच्या इतिहासात ग्रँट डफ याने पोर्तुगीजांची हानी सुमारे आठशे आणि मराठ्यांची, त्यांच्याच कबुलीनुसार, पाच हजारांहून अधिक अशी दिली. अन्यत्र मराठ्यांचा हाच आकडा दुपटीच्याही वर गेलेला आढळतो. वाचक सहसा विचारतो, यांतला खरा कोणता? त्याआधी विचारावयाचा प्रश्न असा, की हा आकडा मोठा व्हावा असे कोणाला वाटत होते? आश्चर्य असे की येथे दोघांनाही तसे वाटत होते. पोर्तुगीजांना आपला प्रतिकार मोठा दाखवायचा होता, मराठ्यांना आपला त्याग.

यानंतर एका ग्रंथाविषयी थोडे विस्ताराने लिहिले पाहिजे, कारण तो आपल्या धर्मबांधवाचा आहे आणि त्याच्यावर माझे प्रेम आहे. डॉ. जोझे गेर्सन द कुन्हा हे मूळचे गोव्याचे, मुंबईत वैद्यकी करणारे, नाण्यांचे व शिलालेखांचे जाणकार. चौल आणि वसई यांच्या इतिहासावरील त्यांचा इंग्रजी ग्रंथ १८७६ साली निघाला. त्या काळी किल्ल्यात झाडी माजलेली होती. तिच्यातून वाट काढीत त्यांनी थडग्यांवरील लेख वाचले, चर्चच्या भिंती ओळखल्या, कोणता मठ कोणत्या संघाचा हे ठरविले. त्यांच्यानंतर किल्ल्यावर लिहिणाऱ्या प्रत्येकाने त्यांच्याच पायवाटेने प्रवास केला आहे.

पण या ग्रंथात एक शोकसूर आहे, आणि तो शोक कोणासाठी आहे हे पाहिले पाहिजे. तो गेलेल्या नगरीसाठी आहे. तिच्या फिदाल्गो सरदारांसाठी, त्यांच्या पालख्यांसाठी आणि मिरवणुकांसाठी आहे. वसईच्या तटाच्या आत राहण्याचा मान मुख्यतः या कुलीन पोर्तुगीजांचा होता. साहजिकच तटाच्या आतील दगडांवर नावे आहेत ती त्यांची. जो इतिहासकार दगडांच्या आधाराने लिहितो, त्याला दगडावर ज्याचे नाव कोरले गेले तोच भेटतो. बाहेरच्या वाड्यांतून भात, केळी आणि पानवेली पिकविणारा, रविवारी मिस्साला येणारा, बोलीभाषेत मराठी बोलणारा ख्रिस्ती माणूस या ग्रंथात अगदी थोड्या जागेत उभा आहे. द कुन्हांच्या ठिकाणी अनास्था होती असे मी म्हणणार नाही. त्यांच्या साधनांनी त्यांची नजर ठरविली. परंतु आपल्याकडच्या लेखकांनी पुढे ती नजरही उसनी घेतली, आणि त्याबरोबर तो शोकही. जी नगरी आपल्याला आत राहू देत नव्हती तिच्यासाठी आपण शंभर वर्षे हळहळत आलो आहोत!

दोन्ही बाजूंचे कागद समोर ठेवून लिहिणारे विद्वान झालेच नाहीत असे मात्र नाही. पांडुरंग सखाराम पिसुर्लेकर यांनी गोव्याच्या दफ्तरखान्यात आयुष्य घालविले. त्यांचा 'पोर्तुगेज-मराठे संबंध' हा मराठी ग्रंथ १९६७ साली पुणे विद्यापीठाने प्रसिद्ध केला. येथे आवाज चढत नाही. पोर्तुगीज कागद मराठी कागदाला दुरुस्त करतो, आणि मराठी कागद पोर्तुगीज कागदाला. अशा लेखनाची आपल्याला सवय असती तर माझ्या नातवाच्या मित्राने तो प्रश्न कदाचित निराळ्या शब्दांत विचारला असता. तरीही हा ग्रंथ, नावाप्रमाणेच, दोन सत्तांच्या संबंधांचा आहे. गोव्याचा दरबार पुण्याच्या दरबाराशी बोलतो. ज्यांना दरबार नव्हता ते त्यात बोलणार कसे?

येथे आपण मूळ प्रश्नापाशी आलो. मराठी कागदांत सरसकट एक शब्द येतो : फिरंगी. पोर्तुगीज कागदांत एतद्देशीय माणसासाठी दुसरा शब्द येतो : कानारी. पहिल्या शब्दात आपण परके ठरतो, दुसऱ्यात काळे. पुण्याच्या लेखकाच्या दृष्टीने चर्चमध्ये जाणारा तो फिरंग्यांचा. गोव्याच्या लेखकाच्या दृष्टीने चर्चमध्ये गेला तरी तो आपल्यातला नव्हे. या दोन शब्दांच्या मधल्या फटीत आपले पूर्वज नाहीसे झाले. त्यांना कोणी मारले नाही, केवळ लिहिले नाही.

याचे सर्वांत बोलके उदाहरण आपल्या वेदीवर आहे. संत गोन्सालो गार्सिया यांचा जन्म सोळाव्या शतकाच्या मध्यास वसईत झाला. तरुणपणीच ते जेझुइटांबरोबर जपानला गेले, पुढे व्यापारात पडले, मनिलात फ्रान्सिस्कन संघात बंधू म्हणून दाखल झाले आणि ५ फेब्रुवारी १५९७ रोजी नागासाकी येथे क्रुसावर हुतात्मा झाले. ८ जून १८६२ रोजी पोप नववे पायस यांनी त्यांना इतर पंचवीस हुतात्म्यांसह संतपद दिले. बहुतेक चरित्रे त्यांचे वडील पोर्तुगीज होते असे सांगतात. आईबद्दल काय सांगतात? ती कानारी होती, म्हणजे इथली होती, बस्स. आडनाव आले ते पित्याकडून. ज्या भाषेत त्यांनी पहिली प्रार्थना म्हटली असेल ती भाषा देणारी माता निनावी राहिली. पुढे वाद झाला तोही या संताला पोर्तुगीज म्हणायचे की भारतीय, एवढाच. मातेला जागा मिळाली ती या वादातला पुरावा म्हणून.

इतरांच्या लेखनाची चिकित्सा झाली. आता आपल्या स्वतःच्या लेखनाकडे वळू. आपल्या धर्मग्रामांच्या रौप्य, सुवर्ण किंवा शताब्दी महोत्सवांच्या स्मरणिका माझ्या कपाटात बऱ्याच आहेत. त्यांतील 'आपल्या चर्चचा इतिहास' हा लेख एका ठरावीक साच्याचा असतो. पहिल्या परिच्छेदात सोळाव्या शतकातील चर्च बांधणाऱ्या धर्मगुरूचे नाव. दुसऱ्यात १७३९, आणि चर्चची नासधूस. तिसरा परिच्छेद एकोणिसाव्या शतकात उघडतो, तो जीर्णोद्धाराच्या वर्षाने. पुढे धर्मगुरूंची यादी, छायाचित्रे, देणगीदार. दुसऱ्या आणि तिसऱ्या परिच्छेदांच्या मध्ये साधारण शंभर वर्षे आहेत, आणि त्या जागी छापखान्याने सोडलेली एक कोरी ओळ आहे.

त्या ओळीत काय घडले असेल? युरोपीय धर्मगुरू बहुतांशी निघून गेले होते. राजाश्रय गेला होता. चर्चपैकी काही पाडली गेली, काही ओस पडली. ख्रिस्ती राहण्यात कसलाही ऐहिक लाभ उरला नव्हता. ज्यांनी केवळ पोर्तुगीजांच्या मर्जीसाठी धर्म घेतला असे म्हटले जाते, त्यांना ती मर्जी संपल्यावर धर्म सोडून देण्यास कोणाची आडकाठी होती? तरी एक मोठा समाज ख्रिस्ती राहिला. १७६० साली आंकतिल द्यु पेराँ हा फ्रेंच विद्वान, जो पुढे पारशांच्या अवेस्ताचे भाषांतर करून प्रसिद्ध झाला, साष्टीतून लेणी पाहात गेला. मराठ्यांच्या अमलाखाली त्याला तेथे ख्रिस्ती वस्त्या दिसल्या, त्यांची सेवा करणारे देशी धर्मगुरू दिसले, उपासनेला मोकळीक असल्याचे दिसले, सणाला लोटलेला समुदाय दिसला. हा साक्षीदार ना पुण्याचा, ना गोव्याचा. त्याला या वादात काहीच मिळवायचे नव्हते. म्हणून त्याची साक्ष मोलाची. ती आपल्या एकाही स्मरणिकेत मला आढळलेली नाही. कारण ती कोणत्याच साच्यात बसत नाही. मराठे धर्मद्वेष्टे होते असे म्हणणाऱ्याला ती अडचणीची, आणि आपण फिरंग्यांचे उरलेसुरले अवशेष आहोत असे म्हणणाऱ्याला त्याहून अडचणीची.

आणखी एक साधन आहे, ज्याला विद्वान हसतात आणि आपण लाजतो. ती म्हणजे पावाची गोष्ट. पोर्तुगीजांनी गावच्या विहिरीत पाव टाकला. लोकांनी नकळत पाणी प्यायले. आणि सकाळी सारा गाव बाटला. वसई-साष्टीत ही गोष्ट ऐकली नाही असा माणूस विरळा. शाळेत ती ऐकून मी लहानपणी खाली मान घातली आहे.

ही गोष्ट धर्मांतराचा इतिहास म्हणून वाचली तर ती टिकत नाही. ख्रिस्तसभेच्या दृष्टीने पाणी प्यायल्याने कोणी ख्रिस्ती होत नाही; त्याला बाप्तिस्मा लागतो, निदान नावापुरती तरी धर्मशिकवण लागते. पावाने भ्रष्ट होतो ही कल्पना चर्चची नव्हेच. मग ती कोणाची? ती गावाची आहे, जातीची आहे. म्हणजे या गोष्टीत पोर्तुगीजांनी काय केले हे फारसे नाही; त्यानंतर शेजाऱ्यांनी काय केले, हे आहे. विहीर तोडली गेली, पंगत तोडली गेली, दार लागले. काही कुटुंबे धाकाने ख्रिस्ती झाली असतील, काही लाभाने, काही मनापासून. परंतु ख्रिस्ती झाल्यावर परतीची वाट बंद झाली, हा अनुभव सर्वांचा सारखा होता, आणि गोष्ट सांगते ती तो अनुभव. जो संशोधक तिला दंतकथा म्हणून फेकून देतो तो एक अस्सल कागद फाडतो. जो तिला घडलेली घटना म्हणून व्यासपीठावरून सांगतो तो तो कागद उलटा धरून वाचतो.

याच्या नेमकी उलट गोष्टही आपल्यात आहे. आमचे पूर्वज अमुक उच्च वर्णाचे, अमुक वेदाचे, असे अभिमानाने सांगणारी घराणी थोडी नाहीत. त्या परंपरेत तथ्य असूही शकेल. चालीरीती, बोली आणि वेष यांत पुष्कळ जुने टिकून आहे. पण ही गोष्ट ज्या आवेशाने सांगितली जाते त्यावरून वाटते, की शाळेतल्या त्या पावाच्या गोष्टीला दिलेले ते उत्तर आहे. एका जखमेवर दुसरी फुशारकी बांधली म्हणून इतिहास होत नाही. शिवाय आपल्यातच जे कोळी, जे कुणबी, जे त्याहून खालचे मानले गेलेले, त्यांचे काय? त्यांना विहिरीतून काढून आपण पुन्हा त्याच विहिरीत लोटतो.

आपल्या धर्मपरंपरेला गतकाळ एकाहून अधिक तोंडांनी ऐकण्याची सवय आहे, हे आपण का विसरतो कोण जाणे. शमुवेलाच्या दुसऱ्या पुस्तकात दावीद राजाचे बथशेबाशी झालेले पाप, उरियाचा घात आणि नाथान संदेष्ट्याची कानउघाडणी सविस्तर आली आहे. काही शतकांनंतर इतिहासाच्या पहिल्या पुस्तकाने तोच काळ पुन्हा लिहिला. रब्बा नगराचा वेढा त्यात आहे, दावीद यरुशलेमेत मागे राहिला हेही आहे, पण बथशेबा नाही. दुसऱ्या लेखकाला मंदिराची तयारी करणारा राजा दाखवायचा होता. पवित्र शास्त्रात दोन्ही पुस्तके आहेत. कोणीही शमुवेलातील ती पाने काढली नाहीत. शुभवर्तमानांचेही तसेच. दुसऱ्या शतकात तातियान याने चारही शुभवर्तमाने गुंफून एकच सलग कथा केली. सिरियाकडच्या ख्रिस्तसभांत ती पाचव्या शतकापर्यंत वाचली जात असे. शेवटी सायरसचे बिशप थिओडोरेत यांनी तिच्या दोनशेहून अधिक प्रती गोळा करून बाजूला ठेवल्या आणि त्या जागी पुन्हा चार शुभवर्तमाने दिली. सोयीची एक कथा सोडून गैरसोयीच्या चार ठेवल्या.

अलीकडच्या काळातही पोप तेरावे लिओ यांनी व्हॅटिकनचे दफ्तर अभ्यासकांना खुले केले, आणि १८८३ साली इतिहासाच्या अभ्यासाविषयी पत्र लिहिताना सिसेरोचे जुने तत्त्व पुढे ठेवले, की इतिहासकाराने असत्य बोलण्यास धजू नये आणि सत्य बोलण्यास भिऊ नये. १२ मार्च २००० रोजी पोप दुसरे जॉन पॉल यांनी ख्रिस्तसभेच्या लेकरांच्या गत अपराधांबद्दल जाहीर क्षमायाचना केली. त्या दिवशी मंडपेश्वरची आठवण मला झाली होती. पण क्षमा मागणे म्हणजे विजेत्याचा अपराध, विजेता निघून गेल्यावर, जो मागे राहिला त्याच्या माथी मारणे नव्हे. २०२० साली उस्मानाबाद येथे ९३व्या अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी भूषविले, त्याआधी त्यांच्या निवडीला काहींनी विरोध केला. तो विरोध वाचताना, फिरंगी हा शब्द अजून कागदावरून पुसला गेलेला नाही, असे मनात आले.

स्मरणिका लिहिणाऱ्यांना एकच विनंती करावीशी वाटते. महोत्सव समितीचा लेखक जुन्या लेखावरून नवा लेख उतरवून काढतो, आणि त्याच वेळी बाप्तिस्म्याच्या जुन्या वह्या कपाटात वाळवीची वाट पाहात असतात. ज्या धर्मग्रामांत त्या शाबूत असतील तेथे त्या उघडल्या पाहिजेत. त्यांत पराक्रम नसतो. मुलाचे नाव, बापाचे, आईचे, धर्ममातापित्यांचे आणि वाडीचे नाव, एवढेच असते. आईचे नाव तेथे असते, हे मुद्दाम सांगतो.

पुढच्याच रविवारी मिस्सानंतर मी नातवाला घेऊन किल्ल्यात गेलो. फ्रान्सिस्कनांच्या चर्चमध्ये जमिनीतील थडग्यांच्या शिळांवरची अक्षरे तो बोटाने लावीत होता. एका शिळेपाशी तो थांबला आणि मोठ्याने ओरडला. आमचेच आडनाव होते. "आजोबा, हा आपला?"

मी म्हटले, नाही. आपल्या कोण्या पूर्वजाच्या बाप्तिस्म्याला या नावाचा कोणी धर्मपिता उभा राहिला असेल, किंवा या नावाचा धर्मगुरू असेल. आडनाव त्याचे, आपण त्याचे नव्हे.

"मग आपले कुठे आहेत?"

मी त्याला तटाच्या दरवाजापर्यंत नेले आणि बाहेर पापडीच्या बाजूला हात केला. तिकडून भाजीच्या टोपल्या घेतलेल्या दोन बायका येत होत्या. त्याने थोडा वेळ पाहिले आणि मग म्हणाला, "म्हणजे त्या दिवशी आपण दोघांपैकी कोणाच्याच बाजूला नव्हतो?"

"काही त्या बाजूला असतील, काही या बाजूला," मी म्हटले. "बाकीचे पाऊस जवळ आला म्हणून शेतात असतील. मे महिना होता."

हे उत्तर त्याला फारसे पटलेले दिसले नाही.